जर्मन लांब होते

अंध वाचकांसाठी पुस्तकं वाचून ध्वनिमुद्रित करायची, हे आमच्या संस्थेचं काम. वाचणारे सगळे हौशी, मी तेवढा पगारी. काचेच्या अलीकडे बसून, कानाला हेडफोन लावून दुसऱ्यांचं वाचन ऐकण्यात माझी उमर गेली. त्यामुळे माणसांचे चेहरे मी विसरतो, पण आवाजाच्या खोडी विसरत नाही. एक निवृत्त डॉक्टर आहेत, ते प्रत्येक परिच्छेदाआधी ओठ चाटतात. एका वकीलबाईंचं पोट जेवायची वेळ झाली की बोलायला लागतं आणि माईक तेही इमानदारीने टिपतो. फलाटताईंची खोड वेगळी होती. वाक्य संपत आलं की त्यांचा आवाज किंचित वर जायचा आणि शेवटच्या शब्दानंतर त्या जराशा थांबायच्या. कुणीतरी धापा टाकत येतंय, त्याला चढायला वेळ द्यायचा आहे, अशा.

फलाटताई हे अर्थातच त्यांचं नाव नव्हे. त्यांची सगळी नोकरी बसस्थानकात गाड्यांच्या सूचना देण्यात गेली. अमुक गावाला जाणारी गाडी अमुक फलाटावर लागली आहे, प्रवाशांनी सामान सांभाळावं, हरवलेलं मूल चौकशी खिडकीपाशी आहे. पुढे त्या कामाला यंत्र आलं आणि ताई निवृत्त झाल्या. घरी बसून कंटाळल्या, तशा एक दिवस आमच्याकडे आल्या. "मला गप्प बसवत नाही," म्हणाल्या, "काहीतरी वाचायला द्या." चाचणी म्हणून मी शिवणकामाच्या पुस्तकातलं एक पान दिलं. त्यांनी ते अशा थाटात वाचलं की मी काचेवर टकटक केली. "ताई, बाही जोडायची आहे. बस सुटत नाहीये." त्या इतक्या हसल्या की त्या दिवशी काही ध्वनिमुद्रण झालंच नाही. तेव्हापासून त्या फलाटताई आणि मी 'अहो रेकॉर्डिंगवाले'.

एका कपडे इस्त्री करणाऱ्या दुकानाच्या वर दोन खोल्यांत त्या आईबरोबर राहायच्या. आई पार थकलेली, डोळ्यांनी जवळजवळ गेलेली, पण जिभेने ठणठणीत. ताईंनी लग्न केलं नव्हतं. कुणी विचारलंच तर म्हणायच्या, "दुसऱ्यांच्या गाड्या लावता लावता माझीच सुटली." हा विनोद त्यांनी इतक्या वेळा केला होता की आता तो करताना त्यांना स्वतःलाही हसू येत नसे.

मग ते पुस्तक आलं.

तत्त्वज्ञानात एम.ए. करणारी एक मुलगी आमची सभासद होती. जन्मापासून अंध. पांढरी काठी टेकत यायची आणि बोलायला लागली की समोरच्याची भंबेरी उडवायची. तिला परीक्षेसाठी एक जाडजूड पुस्तक हवं होतं. आधुनिक जर्मन तत्त्वज्ञ कोण, त्यांनी काय मांडलं आणि त्यांच्या विचारांचा जगावर कसा प्रभाव पडला, ते सांगणारं. लिहिणारे प्राध्यापक कधीच वारले होते, ही नवी आवृत्ती होती. "आवाज जागा पाहिजे हं," तिने आम्हाला बजावलं. "मागचं पुस्तक वाचणाऱ्यांना वाचता वाचता स्वतःलाच डुलकी लागली होती. एका ठिकाणी चक्क घोरणं ऐकू येतं."

मी पुस्तक ताईंच्या पुढ्यात ठेवलं. त्यांनी मुखपृष्ठ पाहिलं, आतलं एक पान उघडलं आणि लगेच मिटलं. पाणी मागितलं. पाणी पिऊन झाल्यावर म्हणाल्या, "मी वाचते हे."

"घरी घेऊन जा, आधी नजरेखालून घाला," मी म्हटलं. सगळे तसंच करतात.

"घरी नको," त्या पटकन म्हणाल्या. "हे पुस्तक आमच्या घरात नको. इथेच वाचेन, थेट."

मला वाटलं, दोन पानांत दमतील. असलं लिखाण आधी न बघता वाचणं सोपं नसतं. वाक्य सुरू होतं एका ओळीवर आणि त्याचं क्रियापद भेटतं पान उलटल्यावर. चांगले चांगले वाचक अडखळतात, मागे जातात, माझ्याकडे दिलगिरीने बघतात. ताई अडखळल्या नाहीत. उलट त्यांच्या आवाजातली बसस्थानकाची खोडच नाहीशी झाली. वाक्याच्या शेवटी चढणारा तो सूर गेला आणि तिथे एक उतरता, आत ओढून घेणारा, घाईतला सूर आला. वाचणारा येरझाऱ्या घालतोय असं वाटावं, असा. त्या तर खुर्चीत स्थिर बसलेल्या होत्या.

एक अडचण मात्र पहिल्याच दिवशी आली. एका तत्त्वज्ञाच्या नावाचं शेवटचं अक्षर जर्मन लोक वेगळं म्हणतात. मी उच्चारांची चौकशी करून ठेवली होती. थांबवून सांगितलं. ताईंनी मान डोलावली, पुन्हा वाचलं आणि पुन्हा तेच चुकीचं म्हणाल्या. पाच-सहा वेळा प्रयत्न झाला. हुशार बाई, हजार गावांची नावं बिनचूक घेतलेली, आणि हे एक नाव त्यांच्या तोंडात वळेना. "असू दे हो," शेवटी त्या रडकुंडीला येऊन म्हणाल्या. "ते नाव माझ्या तोंडात असंच बसलंय."

"कुठे ऐकलंत याआधी?"

त्यांनी चष्मा नाकावर नीट बसवला आणि पुढचं वाक्य वाचायला घेतलं.

पण मला खरा हादरा बसला तो त्यानंतर. माझं लक्ष त्यांच्या हाताकडे होतं, कारण पान उलटल्याचा आवाज आला की मला तिथे खूण करावी लागते. ताई पानाच्या शेवटच्या ओळीवर पोहोचल्या. वाक्य अर्धवट होतं. त्यांनी ते पूर्ण केलं आणि मग पान उलटलं. मला वाटलं, माझीच नजर चुकली. पुढच्या पानावर नीट पाहिलं. पुन्हा तेच. पुढच्या पानावरचे तीन-चार शब्द, डोळ्यांना अजून न दिसलेले, त्यांनी आधीच म्हटले. सगळ्याच पानांवर असं व्हायचं नाही, पण व्हायचं. त्या दिवशी मी हेडफोन काढून काचेपलीकडे बघत राहिलो. पिकलेल्या केसांची, चष्मा नाकावर आलेली बाई. हेडफोन पुन्हा कानाला लावले की वाटायचं, कुणी तरुण माणूस वाचतोय. मी भुताखेतांना मानणाऱ्यांतला नाही. पण त्या दुपारी मी स्टुडिओचं दार जरा किलकिलं ठेवलं, हेही खरं.

चहाच्या सुट्टीत मी सरळ विचारलं, "ताई, हे पुस्तक तुम्ही आधी वाचलंय."

"वाचलेलं नाही," त्या म्हणाल्या. "ऐकलंय."

कपातला चहा निवून गेला, पण त्यांनी सगळं सांगितलं.

त्यांना एक थोरला भाऊ होता. ताई शाळेत जाणारी पोर होत्या, तेव्हा दादा पदवी घेऊन घरी बसलेला. नोकरी लागत नव्हती. लागावी म्हणून तो फारशी धावपळही करत नव्हता. वाचनालयातून पुस्तकं आणायचा, बहुतेक या जर्मनांवरची, त्यात हे एक तर पुन्हा पुन्हा. दुपारी ताई चटईवर झोपलेली असायची आणि दादा खिडकीपासून दारापर्यंत, दारापासून खिडकीपर्यंत फेऱ्या मारत मोठ्याने वाचायचा. उच्चार शिकवणारं कुणी नव्हतं, छापलेलं बघून जे वाटेल ते म्हणायचा. ताईला अर्थ कळत नव्हता. पण ती नावं, ती लांबलचक वाक्यं ऐकत ऐकत तिला झोप लागायची. दुसऱ्यांना अंगाई असते, तिला हे होतं.

एका रविवारी दुपारी सगळे जेवायला बसले होते. वडील दादाला बोलत होते, ते रोजचंच होतं. दादा खाली मान घालून ऐकत होता. मग त्याने मान वर केली आणि अगदी शांतपणे म्हणाला, "ज्याला सगळे ओळखतात, तो माणूस संपलेला असतो." हात धुतला, चपला घातल्या आणि बाहेर पडला. ताईंना वाटलं, पुस्तक परत करायला गेला असेल. तो परत आला नाही. त्या दिवशी नाही, नंतरही कधी नाही.

वडिलांनी शोधायचं तेवढं शोधलं. पोलीस झाले, दवाखाने झाले, अनोळखी शहरं झाली. बातमी कळल्यावर मामा आला. त्याने विचारलं, जाताना काय म्हणाला? आईने ते वाक्य सांगितलं. मामा म्हणाला, "हे त्याचं बोलणं नव्हे. हे पुस्तकातलं आहे." त्याने दादाच्या उशाचं पुस्तक उचललं, दोन-चार पानं चाळली आणि मान हलवली. "बघ, हे असलं वाचल्यावर कुणाचंही डोकं फिरेल." झालं. वाक्य जर्मनांचं आहे, जर्मनांनी पोराला फितवलं, हे त्या दिवशी घरात ठरलं. वडिलांनी सगळी पुस्तकं, वाचनालयाची होती तरी, रद्दीवाल्याला देऊन टाकली.

"आमच्या घरात जर्मन ही शिवी आहे," ताई सांगत होत्या. "शेजारणीने जर्मन बनावटीचं शिवणयंत्र घेतलं, तर आई तिच्याशी बोलेनाशी झाली. तुम्ही हसाल, पण आईने जर्मनची पातेलीसुद्धा मोडीत घातली. मी म्हटलं, अगं, हे नुसतं ॲल्युमिनियम आहे. तर म्हणाली, नाव तर तेच ना."

मी हसलो नाही.

"बसस्थानकात का लागले, माहितीये? सगळा मुलूख त्या स्थानकातून जातो-येतो. तो कधी उतरला तर मला चेहऱ्यावरून ओळखणार नाही. आवाज तरी कानावर पडेल. आवाजही आता लहानपणीचा राहिला नव्हता, ते कळत होतं मला. तरी म्हटलं, बोलत राहावं."

"मग हे पुस्तक का घेतलंत?"

"ते वाक्य बघायचंय," त्या म्हणाल्या. "कोण म्हणालं होतं, कुठल्या पानावर म्हणालं होतं. इतकी वर्षं ते आमच्या घरात राहतंय. एकदा छापलेलं बघायचंय."

त्यानंतर मीही त्या वाक्याची वाट बघायला लागलो. पुस्तक पुढे सरकत होतं. पहिल्या भागातले तत्त्वज्ञ सांगत होते की वस्तू मुळात कशी आहे ते आपल्याला कधीच कळत नाही, आपल्याला दिसतं ते फक्त तिचं आपल्यापुरतं रूप. मग दुसरे आले, त्यांना सगळा इतिहास म्हणजे एक झगडा वाटत होता. मग एक जण आला तो जुन्या नीतीच्या भिंतीच पाडत सुटला. तिथे मला वाटलं, आता येणार. ताईंनाही वाटलं असावं, कारण त्यांचा श्वास माईकमध्ये मोठा ऐकू यायला लागला. आलं नाही. मग मरणाचा आणि एकटेपणाचा विचार करणारे आले. त्या पानांवर तर प्रत्येक वाक्य दादाच्या वाक्याचं सख्खं भावंड वाटत होतं. कुठे 'ओळख' शब्द आला की ताईंचा आवाज पातळ व्हायचा. पण ते वाक्य काही येईना.

शेवटचा भाग प्रभावाचा होता. या विचारांनी कुठे क्रांत्या पेटवल्या, कुठल्या कवींना झपाटलं, आणि त्यांचाच आधार घेऊन माणसांनी माणसांवर केवढे अत्याचार केले, हे सगळं त्यात होतं. प्राध्यापकांनी एके ठिकाणी विचारलं होतं की पुस्तक माणसाला बिघडवतं, की बिघडायच्या वाटेवरचा माणूस आपल्याला हवं तेच पुस्तक शोधून काढतो? ताईंनी तो परिच्छेद वाचला, थांबल्या आणि म्हणाल्या, "पुन्हा घेऊ या का? आवाज बसला." आवाज बसलेला नव्हता. आम्ही पुन्हा घेतला.

मग पुस्तक संपलं. ताईंनी शेवटची ओळ वाचली, पान उलटलं, पुढचं कोरं पानही उलटलं.

"एखादं पान राहिलं असेल," त्या म्हणाल्या.

राहिलं नव्हतं. मी पुढचे काही आठवडे ते ध्वनिमुद्रण साफ करत होतो. खोकले काढायचे, अडखळणं काढायचं, खुर्चीची कुरकुर काढायची. शब्द न् शब्द पुन्हा ऐकला. ते वाक्य त्यात नव्हतं. वाटलं, जुन्या आवृत्तीत असेल, म्हणून मी त्या विद्यार्थिनीला सगळं सांगितलं आणि विचारलं. तिने तिच्या बोलणाऱ्या संगणकावर शोधलं, तिच्या प्राध्यापकांना विचारलं. मग एक दिवस स्वतःच आली. त्या वेळी ताई आत दुसरं काहीतरी वाचायला बसल्या होत्या. मी दोघींमधला माईक चालू केला.

"ताई," मुलगी म्हणाली, "जुनी आवृत्ती अगदी अशीच आहे. आणि ते वाक्य कुठल्याच जर्मनाचं नाही. निदान मला तरी कुठे सापडलं नाही. सरांनाही नाही."

आत ताईंनी हातातलं पुस्तक मिटून ठेवलं.

"मला एक सांगा," मुलगी म्हणाली. "त्याच्या आधी काय होतं?"

"आधी म्हणजे?"

"आम्हाला पहिल्याच वर्षी शिकवतात. कुणी काही मांडलं, तर तो कुणाला उत्तर देतोय ते आधी बघायचं. तुमचा भाऊ असा एकदम तर नाही ना बोलला. त्याच्या आधी कोण काय म्हणालं होतं?"

काचेपलीकडे ताईंनी चष्मा काढला. मला दिसत होतं, त्या आठवायचा प्रयत्न करत नव्हत्या. त्या ऐकत होत्या. जेवणाची ती दुपार त्या कधीच विसरल्या नव्हत्या, पण दर वेळी ती त्या वाक्यापासूनच सुरू व्हायची. आता त्या आणखी थोडं मागे जात होत्या.

आणि माझ्या हेडफोनमध्ये एक आवाज आला. दादाचा नव्हे, वयस्कर पुरुषाचा, घोगरा, कंटाळलेला, अधिकाराचा. ताईंचेच ओठ हलत होते.

"वाचून वाचून तुझं काय होणार आहे ते मला माहीत आहे. मी तुला चांगला ओळखून आहे."

नंतर ताईंचा स्वतःचा आवाज आला, लहान मुलीसारखा. "बाबा म्हणायचे. सगळ्यांना म्हणायचे. जकात नाक्यावर कारकून होते ना. लोक पिशव्यांत माल लपवून आणायचे. हे नुसतं तोंड बघून म्हणायचे, उघड पिशवी, मी तुला ओळखून आहे. घरी आईलाही म्हणायचे. मी पेन्सिल हरवली की मलाही."

ती मुलगी काठी घट्ट धरून उभी होती.

"म्हणजे तो बाबांनाच उत्तर देत होता," ताई म्हणाल्या. "पुस्तक कुठे मधे आलं?"

त्या दिवशी त्या काही न वाचता घरी गेल्या. पुढचं मला त्यांनी नंतर सांगितलं.

प्रश्न होता आईला सांगायचं की नाही. वडील जाऊन बरीच वर्षं झाली होती. आईने सगळा राग जर्मनांवर काढून नवऱ्याचा संसार शेवटपर्यंत निभावला होता. या वयात तिचा तेवढा आधार कशाला काढून घ्यायचा? ताई दोन-तीन दिवस गप्प राहिल्या. पण ज्या बाईला गप्प बसवत नाही, तिचं गप्प बसणं आंधळ्या आईलाही दिसतं.

सकाळी आईची वेणी घालताना आईच म्हणाली, "काय झालंय ते बोलून टाक. केस ओढतायत माझे."

ताईंनी विचारलं, "आई, दादा गेला त्या दिवशी बाबा आधी काय म्हणाले होते, आठवतं तुला?"

खाली दुकानात इस्त्रीची वाफ फुसफुसत होती. आई म्हणाली, "आठवायला विसरले कधी होते?"

ताईंच्या हातातून वेणीचा पेड सुटला. "तुला माहीत होतं?"

"मी वाढत होते. माझ्या हातात भाताचा डाव होता. मला नाही तर कुणाला माहीत असणार?"

"मग मामा म्हणाला पुस्तकातलं वाक्य आहे, तेव्हा तू का नाही बोललीस? इतकी वर्षं त्या जर्मनांना शिव्या दिल्यास. माझ्यासमोर, सगळ्यांसमोर."

"मग कुणाला द्यायच्या होत्या?" आई म्हणाली. "तुझ्या बाबांना दिल्या असत्या तर त्यांच्याबरोबर राहायचं कसं होतं? तू लहान होतीस. स्वतःला दिल्या असत्या तर उठून चूल कशी पेटवली असती? कुणावर तरी घालावं लागतं, बाई. जर्मन लांब होते. त्यांना काय लागत होतं?"

ताईंनी विचारलं, "आणि बाबांना? त्यांना कळलं होतं?"

"त्या दिवसानंतर तो शब्द त्यांच्या तोंडून कधी ऐकलास?"

ताई आठवत राहिल्या. वडील रागावलेले आठवले, आजारी आठवले, नाक्यावरची जागा सोडून आतल्या कचेरीत बदली मागून घेतलेले आठवले. पण तो शब्द नाही. म्हणूनच तर तो ताईंच्या कानातून पुसून गेला होता.

"जेवताना मान वर करायचे नाहीत," आई म्हणाली. "मी वाढायचे, ते खाली बघून जेवायचे. मरेपर्यंत. आता वेणी घाल."

त्यानंतर मला वाटलं होतं, त्या घरातलं भूत गेलं. ताईंनाही तसंच वाटलं असणार. पण झालं उलटं. इतके दिवस दादाला जर्मनांनी नेलं होतं आणि जर्मनांशी भांडता येत होतं. आता तो आपल्या पायांनी, आपल्या शब्दांनी बाहेर पडला होता आणि घरात वडिलांचा घोगरा आवाजही परत आला होता. ताई सांगायच्या, जिना चढताना त्यांना कधी कधी वाटायचं, वरच्या खोलीत दोघं बसलेत आणि एकमेकांशी बोलत नाहीयेत.

एक दिवस आईच म्हणाली, "ते पुस्तक तू वाचलंस ना? मला ऐकव."

आईचे डोळे गेलेले, म्हणजे नियमाप्रमाणे त्या आमच्या सभासद होऊ शकत होत्या. मीच पुस्तकं ऐकायचं यंत्र घेऊन गेलो. मोठी मोठी बटणं असतात त्याला, बोटांना कळतील अशी. आईंनी माझा हात चाचपला आणि म्हणाल्या, "लावा. काय म्हणतात मेले, ते एकदा ऐकू तरी."

मी यंत्र चालू केलं. खुर्चीत बसलेल्या आईंनी सुरुवातीला नाक मुरडलं. "हे काय, सगळं डोक्यावरून जातंय." मग हळूहळू त्यांचा चेहरा बदलला. त्या खोलीत मी होतो, ताई भिंतीला टेकून उभ्या होत्या आणि यंत्रातून ताईंचाच आवाज येत होता, पण तो येरझाऱ्या घालत होता. खिडकीकडे जात होता, दाराकडे येत होता. त्या नावाचा चुकीचा उच्चार आला. आईंनी हात वर केला, जणू कुणाला थांबवतायत.

"हळू वाच रे," त्या म्हणाल्या. "ती झोपलीये."

ताई पदर तोंडावर घेऊन स्वयंपाकघरात गेल्या. मी यंत्राचा आवाज कमी केला. आईंनी समाधानाने मान डोलावली.

पुढे त्या रोज दुपारी ते पुस्तक ऐकायच्या. एक शब्दही कळत नव्हता आणि त्यांना तो कळायला नकोच होता. संपलं की पुन्हा पहिल्यापासून. मधेच त्याला विचारायच्या, पाणी हवं का, पाय दुखत नाहीत का चालून. ताई सुरुवातीला घाबरायच्या. मग त्यांनी दुपारी घरात थांबणंच सोडलं, आमच्याकडे येऊन बसायच्या. "मी घरात असले की तिला प्रश्न पडतो, आवाज कुणाचा," म्हणायच्या. "नसले म्हणजे तिला तो पुरता सापडतो."

आई गेल्या त्या अशाच एका दुपारी. ताई परत आल्या तेव्हा यंत्र वाचतच होतं. ताईंनी ते लगेच बंद केलं नाही. चालू प्रकरण संपेपर्यंत त्या आईच्या पायाशी बसून राहिल्या आणि मग शेजाऱ्यांना हाक मारली.

दादाची काही खबर आली नाही. असं होतं कधी कधी की आपण शेवटी काहीतरी घडेल म्हणून थांबून राहतो. मीही थांबलो होतो. ते पुस्तक आमच्या सगळ्या शाखांत गेलं. कुठल्यातरी लांबच्या गावचा म्हातारा, डोळे गेलेला, यंत्राचं बटण दाबेल आणि दचकून उठून बसेल, असं चित्र मी मनाशी रंगवायचो. ताईंना एकदा बोलून दाखवलं. त्या म्हणाल्या, "नका हो. मला आता कुठे जरा झोप लागायला लागलीये."

ती विद्यार्थिनी परीक्षेत चांगली पास झाली आणि पुढच्या अभ्यासाला लागली. आता तिला दुसरं पुस्तक हवं आहे, पहिल्याच्या दुप्पट जाडीचं, तेही जर्मनांवरचंच. मी विचारायचा धीर करत नव्हतो. तीच ताईंकडे गेली.

"वाचते," ताई म्हणाल्या. "पण एका अटीवर. या खेपेला नुसतं वाचणार नाही. तू मला समजावून सांगायचं."

आता आठवड्यातून दोनदा दोघी येतात. आधी मुलगी प्रकरण समजावते, ताई शंका काढतात, वाद होतात, मग लाल दिवा लागतो आणि वाचन सुरू होतं. ताईंच्या आवाजात तो उतरता सूर अजून येतो. मी तो कापत नाही.

परवा काम आटोपून दोघी निघाल्या होत्या. मी दाराला कुलूप लावत होतो. ताईंनी मुलीचा हात आपल्या दंडात घेतला होता आणि रस्ता ओलांडायला दोघी कडेला थांबल्या होत्या. वाद अजून चालूच होता.

"म्हणजे कुणालाच दिसत नसली, कुणालाच माहीत नसली," ताई विचारत होत्या, "तरी वस्तू असते?"

"असते. पुस्तकात तसंच म्हटलंय."

"नक्की ना?"

"या प्रकरणात तरी नक्की," मुलगी म्हणाली. "पुढच्या प्रकरणात दुसरा एक जण येतो आणि ते सगळं खोडून काढतो."

ताईंनी डावीकडे पाहिलं, उजवीकडे पाहिलं. एक मालमोटार गेली.

"मग ते प्रकरण एवढ्यात नको घेऊ," त्या म्हणाल्या. "चल आता, रस्ता मोकळा आहे."